परत घेतले, पण वर्षे कुठे गेली?

बडतर्फीचा आदेश रद्द झाला की वृत्तपत्रात चार ओळींची बातमी येते. ‘अखेर न्याय मिळाला’ असे तिचे शीर्षक असते. घरात पेढे येतात, शेजारीपाजारी अभिनंदन करतात आणि कर्मचारी दहा-बारा वर्षांनी पुन्हा त्याच कार्यालयाची पायरी चढतो. हजेरीपटावर त्याची स्वाक्षरी होते. समाजाच्या दृष्टीने प्रकरण तेथे संपते. प्रत्यक्षात त्या कर्मचाऱ्याच्या दुसऱ्या वनवासाला तेथेच प्रारंभ होतो. कारण आस्थापना शाखेतला लिपिक सेवापुस्तक उघडतो, बडतर्फीच्या दिनांकावर बोट ठेवतो, रुजू झाल्याच्या दिनांकावर दुसरे बोट ठेवतो आणि विचारतो, “या मधल्या वर्षांचे काय करायचे? आदेशात तर काहीच लिहिलेले नाही.”

आदेशात काहीच लिहिलेले नाही! या एका वाक्याने आजवर किती संसारांची म्हातारपणाची भाकरी हिरावून घेतली, याचा हिशेब कोणत्याही सरकारने ठेवलेला नाही. नोकरी परत मिळाली. पण मधल्या वर्षांची वेतनवाढ गेली, ज्येष्ठता गेली, उपदान घटले आणि निवृत्तिवेतन आक्रसले. ज्या शासनाने चूक केली ते नामानिराळे राहिले आणि ज्याच्यावर अन्याय झाला त्यानेच त्याची किंमत मरेपर्यंत दरमहा मोजली. याला न्याय म्हणायचे असेल, तर अन्यायाची वेगळी व्याख्या शोधावी लागेल.

रेल्वेच्या रुळांवरचा इतिहास

हा प्रश्न किती जुना आणि किती जीवघेणा आहे, हे समजून घ्यायचे तर रेल्वे कामगारांचा इतिहास आठवावा लागतो. ८ मे १९७४ रोजी देशभरातील लाखो रेल्वे कामगार संपावर गेले. जॉर्ज फर्नांडिस त्यांचे नेते होते. डाव्यांपासून भारतीय मजदूर संघाशी संलग्न रेल्वे मजदूर संघापर्यंत विविध विचारांच्या संघटना या लढ्याच्या समन्वय समितीत एकत्र आल्या होत्या. इंदिरा गांधींच्या सरकारने त्याला दिलेले उत्तर एखाद्या परकीय राजवटीला शोभणारे होते. ‘मिसा’ आणि भारत संरक्षण नियमांखाली हजारोंची धरपकड झाली. रेल्वेच्या वसाहतींतून कामगारांच्या बायकामुलांना सामानासकट बाहेर काढण्यात आले. वीस दिवसांत संप मोडला. पण सरकारचे समाधान झाले नाही. हजारोंना नोकरीतून काढले आणि जे कामावर राहिले त्यांच्यापैकी असंख्यांच्या सेवापुस्तकात ‘सेवाखंड’ हा शब्द लिहिला गेला.

सेवाखंड! वरवर पाहता हा कारकुनी शब्द. त्याचा अर्थ मात्र भयंकर. त्या दिवसापूर्वी केलेली सेवा पुसली गेली आणि नवे मोजमाप शून्यापासून सुरू झाले, असा तो अर्थ. पंधरा-वीस वर्षे उन्हापावसात रूळ तपासणाऱ्या, इंजिनात कोळसा लोटणाऱ्या माणसाच्या आयुष्यावर एका शाईच्या रेघेने पाणी ओतले गेले. सुमारे वर्षभरानंतर देशावर आणीबाणी लादली गेली, हा योगायोग नव्हता. जे १९७५मध्ये साऱ्या राष्ट्राच्या वाट्याला आले, त्याची रंगीत तालीम १९७४मध्ये रेल्वेच्या फलाटांवर झाली होती.

१९७७मध्ये जनतेने ती राजवट उलथून टाकली. कोकणच्या राजापूर मतदारसंघाचे प्रतिनिधी प्रा. मधु दंडवते रेल्वेमंत्री झाले आणि त्यांनी संपातील बडतर्फ कामगारांना परत घेतले, सेवाखंडाचे आदेशही मागे घेतले. या निर्णयाचे महत्त्व दुसऱ्या भागात अधिक आहे. कामगाराला केवळ कामावर परत घेणे म्हणजे त्याच्या उद्याची सोय करणे. सेवाखंड पुसणे म्हणजे त्याचा काल त्याला परत देणे. समाजवादी दंडवत्यांशी अनेक बाबतींत मतभेद असणाऱ्यांनीही या एका निर्णयासाठी त्यांचे ऋण मान्य केले पाहिजे.

चौकशीविना शिक्षा

पण सत्ता बदलली आणि दंडेली परतली. गाडी चालवणाऱ्या लोको कर्मचाऱ्यांना दहा तासांहून अधिक काळ राबवू नये, ही मागणी १९७३मध्ये तत्त्वतः मान्य झाली होती. ती अमलात येईना, म्हणून १९८१च्या प्रारंभी लोको कर्मचाऱ्यांनी आंदोलन केले. रेल्वे प्रशासनाने शिस्त व अपील नियमांतील नियम १४ (दोन) उपसला. चौकशी करणे व्यवहार्य नाही असे सक्षम अधिकाऱ्याचे लेखी कारणांसह मत झाले, तर चौकशीविना बडतर्फ करण्याची मुभा हा नियम देतो. राज्यघटनेच्या ३११व्या अनुच्छेदाने सरकारी सेवकाला चौकशीचे संरक्षण दिले आहे. त्याच अनुच्छेदातल्या अपवादाचा हा रेल्वेतील अवतार. अपवाद असाधारण प्रसंगासाठी असतो. येथे तो सोयीसाठी वापरला गेला. आरोपपत्र नाही, साक्षीदार नाही, बाजू मांडण्याची संधी नाही. एक छापील कागद आणि घरी जा!

१९८५मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने हा अपवाद वैध ठरवला, मात्र तो वापरण्यामागची कारणे न्यायालयीन छाननीला खुली ठेवली. त्या छाननीत हे आदेश उघडे पडले. १९९०मध्ये एका न्यायाधिकरणाने ते गुणवत्तेवरच सदोष ठरवले. तरीही रेल्वेने माघार घेतली नाही. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९९३मध्ये, म्हणजे बडतर्फीनंतर बारा वर्षांनी, अंतिम निकाल लागला.

तो निकाल प्रत्येक आस्थापना शाखेच्या भिंतीवर लावावा असा आहे. न्यायालयाने सांगितले, की या कर्मचाऱ्यांना तीन महिन्यांत त्यांच्या पदावर परत घ्यावे. महागाई भत्त्यासह तीन वर्षांच्या वेतनाइतकी भरपाई द्यावी. दरम्यान जे निवृत्त झाले त्यांनाही ती मिळावी आणि जे मरण पावले त्यांच्या आश्रितांना मिळावी. पदोन्नतीचा लाभ मिळणार नाही. पण निवृत्तिवेतनाच्या गणनेसाठी बडतर्फीपासून पुनःस्थापनेपर्यंतची सेवा अखंड मानावी. हे मानीव सातत्य निवृत्तांना निवृत्तीच्या दिवसापर्यंत आणि मृतांना मृत्यूच्या दिवसापर्यंत लागू राहील.

बारा वर्षांच्या उपासमारीला तीन वर्षांचे वेतन, हा सौदा कामगाराच्या तोट्याचाच होता. पदोन्नतीही गेली. परंतु न्यायालयाने एक गोष्ट अचूक हेरली. माणूस तारुण्यात कसाबसा निभावून नेतो. कोणी रिक्षा चालवतो, कोणी दुकानात हिशेब लिहितो, कोणाची पत्नी शिवणकाम करते. साठीनंतर मात्र त्याच्यापाशी निवृत्तिवेतनाखेरीज काही नसते. म्हणून इतरत्र काटछाट करूनही न्यायालयाने निवृत्तिवेतनाच्या वर्षांना हात लावू दिला नाही.

साडेचारशे रुपयांचा हिशेब

या मानीव सातत्याचे मोल किती, ते आकड्यांत पाहावे. समजा, एक चालक १९६०मध्ये रेल्वेत लागला, १९८१मध्ये बडतर्फ झाला, १९९३मध्ये परत आला आणि १९९६मध्ये निवृत्त झाला. त्या काळच्या नियमांनुसार पूर्ण निवृत्तिवेतनासाठी ३३ वर्षांची अर्हताकारी सेवा लागे. पूर्ण निवृत्तिवेतन म्हणजे वेतनाच्या निम्मे. सेवा कमी असेल तर त्या प्रमाणात कमी. मधली बारा वर्षे वगळली तर या चालकाची सेवा भरते २४ वर्षे. वेतन ३३०० रुपये धरले, तर त्याला १६५० रुपयांऐवजी १२०० रुपये मिळतील. दरमहा साडेचारशे रुपये कमी, आणि त्यावरचा महागाई भत्ताही त्याच प्रमाणात कमी. साडेसोळा महिन्यांच्या वेतनाइतके उपदान बारा महिन्यांवर येईल. मधली वर्षे जोडली, तर ३३ वर्षांची अट ओलांडून त्याला सारे पूर्ण मिळेल.

न्यायालयाने निर्दोष ठरवलेल्या माणसाला चतुर्थांशाहून अधिक निवृत्तिवेतन गमवावे लागणे, हा दंड कोणत्या गुन्ह्याचा? गुन्हा एकच. त्याने न्याय मागितला आणि न्यायाला बारा वर्षे लागली.

मौनाची शिक्षा

कोणी म्हणेल, हे जुने झाले. आता नियम आहेत. नियम तेव्हाही होते. मूलभूत नियमांतील नियम ५४ सांगतो, की पुनःस्थापनेचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याने गैरहजेरीच्या काळातील वेतनाबद्दल आणि तो काळ कर्तव्यकाळ मानायचा की नाही याबद्दल विनिर्दिष्ट आदेश द्यावा. महाराष्ट्रानेही पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा, निलंबन आणि बडतर्फी यांसंबंधीच्या १९८१च्या नागरी सेवा नियमांत अशीच तरतूद केली आहे. म्हणजे अधिकाऱ्यावर कर्तव्य आहे.

आता दुसरे पान उलटावे. केंद्राच्या १९७२च्या निवृत्तिवेतन नियमांतील नियम २५ने सांगितले, की पुनःस्थापित कर्मचाऱ्याची पूर्वीची सेवा मोजली जाईल. मधला काळ मात्र विनिर्दिष्ट आदेशाने कर्तव्यकाळ किंवा रजा म्हणून नियमित केल्याखेरीज मोजला जाणार नाही. २०२१मध्ये नवे नियम आले, तरी हे सूत्र कायम राहिले.

दोन्ही पाने शेजारी ठेवली की खरी गोम ध्यानात येते. आदेश देणे हे अधिकाऱ्याचे कर्तव्य. तो न दिल्याची शिक्षा मात्र कर्मचाऱ्याला! अधिकारी विसरला, टाळाटाळ करून बसला किंवा खुन्नस म्हणून गप्प राहिला, तर त्याच्या वेतनातून एक रुपयाही कापला जात नाही. कर्मचाऱ्याची बारा वर्षे मात्र हवेत विरतात. ज्या व्यवस्थेत एकाच्या कामचुकारपणाचा दंड दुसऱ्याच्या म्हातारपणावर बसतो, ती व्यवस्था रामशास्त्र्यांच्या महाराष्ट्राला लाजिरवाणी आहे. त्या न्यायाधीशाने राघोबादादांसारख्या सत्ताधीशाची भीड ठेवली नाही. येथे तर एका कार्यालयप्रमुखाची चूक झाकण्यासाठी सारी यंत्रणा कंबर कसते.

न्यायालयांच्या भूमिकाही एकसारख्या राहिल्या नाहीत. १९७८मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुनःस्थापनेबरोबर पूर्ण मागील वेतन हा सर्वसाधारण नियम मानला. २००७मध्ये दुसऱ्या एका निकालात सूर बदलला. पुनःस्थापनेच्या पाठोपाठ मागील वेतन आणि आनुषंगिक लाभ आपोआप येतात असे नाही, असे सांगण्यात आले. २०१३मध्ये महाराष्ट्रातीलच एका शिक्षिकेच्या प्रकरणात न्यायालयाने पुन्हा मूळ तत्त्वाकडे वळून सांगितले, की बेकायदा काढलेल्या कर्मचाऱ्याला पूर्ण वेतन हीच सामान्य रीत आहे. तो अन्यत्र कमावत होता असे म्हणणे असेल, तर ते मालकाने सिद्ध करावे. आणि न्यायालयातील विलंबाचा भुर्दंड कर्मचाऱ्यावर टाकू नये. निकाल असे दोन दिशांना खुणावत असताना सरकारी वकिलाच्या हाती कोणता येतो, हे सांगायला ज्योतिषी नको.

‘काम नाही तर दाम नाही’

शासनाच्या बाजूने तीन युक्तिवाद केले जातात. त्यांची दखल प्रामाणिकपणे घेतली पाहिजे.

पहिला युक्तिवाद, काम केले नाही तर वेतन कशाचे? हे तत्त्व संपावर जाणाऱ्याला किंवा दांडी मारणाऱ्याला लागू करावे. त्यात अनुचित काही नाही. पण ज्याला दारातूनच हाकलले, त्याला ‘तू आत का आला नाहीस’ असे विचारणे हा शुद्ध निर्लज्जपणा आहे. तो काम करायला तयार होता. काम नाकारले शासनाने.

दुसरा युक्तिवाद, तिजोरीवर भार पडतो. भार पडतो हे खरे. पण तो कर्मचाऱ्यामुळे पडतो की विलंबामुळे? सर्वोच्च न्यायालयाने २०१५मध्येच दोन वेगवेगळ्या निकालांत मर्यादा आखून दिल्या. दोषारोपपत्राविना निलंबन तीन महिन्यांपलीकडे लांबवू नये; विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत आणि फार तर वर्षभरात संपवावी. हे पाळले, तर थकबाकीचा डोंगर उभाच राहणार नाही. हरलेले खटले वरच्या न्यायालयात नेत राहायचे, करदात्याच्या पैशातून वकील लावायचे आणि शेवटी ‘रक्कम फार झाली’ म्हणून कर्मचाऱ्याकडे बोट दाखवायचे, ही कसली काटकसर?

तिसरा युक्तिवाद सर्वांत वजनदार आहे. लाच घेताना पकडलेले, अफरातफर केलेलेही तांत्रिक मुद्द्यावर सुटतात. त्यांनाही पूर्ण लाभ द्यायचे काय? मुळीच नाही. ज्याच्यावरील दोषारोप गुणवत्तेवर खोटा ठरला तो एक. ज्याची चौकशी नीट झाली नाही एवढ्याच कारणाने आदेश रद्द झाला तो दुसरा. नियमांतही हा फरक आहे. दुसऱ्या प्रकारात पुन्हा चौकशी करावी, लाभ रोखून धरावेत, दोष सिद्ध झाला तर कठोर शिक्षा करावी. भ्रष्ट सेवकाची कणव राष्ट्रहिताची चिंता वाहणाऱ्या कोणालाही येणार नाही. पण चोराच्या भीतीने सज्जनाच्या घराला कुलूप लावायचे नसते. आज निर्दोष ठरलेल्यालाही संशयिताच्या रांगेत उभे केले जाते, हा आक्षेप आहे.

विचारांसाठी नोकरी गमावलेल्यांची स्मृतीही येथे जागी ठेवली पाहिजे. मध्य प्रदेशातील एका शिक्षकाला १९७४मध्ये काढण्यात आले. कारण पोलिसांच्या अहवालात पूर्वी संघ आणि जनसंघाच्या कार्यात भाग घेतल्याची नोंद होती. उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. राज्य सरकार तरीही सर्वोच्च न्यायालयात गेले आणि १९८३मध्ये तेथेही तोंडघशी पडले. शिक्षकाचा गुन्हा काय, तर कायदेशीर संघटनेतील सहभाग. अशा माणसाची मधली वर्षे राष्ट्राच्या सेवेत धरायची नाहीत, तर कोणाची धरायची?

नव्या योजनेचा नवा पेच

निवृत्तिवेतन ही सरकारची मेहेरबानी नाही, तो कर्मचाऱ्याचा हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७१मध्ये आणि पुन्हा १७ डिसेंबर १९८२च्या गाजलेल्या निकालात निःसंदिग्ध शब्दांत सांगितले. पण हक्काचे स्वरूप आता बदलले आहे. केंद्रात १ जानेवारी २००४ नंतर आणि महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ नंतर सेवेत आलेल्यांना जुने निवृत्तिवेतन नाही. त्यांच्या नावे खाते आहे. त्यात दरमहा त्यांचा आणि शासनाचा वाटा जमा होतो, गुंतवला जातो, वाढतो.

जुन्या पद्धतीत सातत्य कागदावर मानले की पुरे होते. नव्या पद्धतीत कागदावरचे सातत्य खात्यात एक पैसाही टाकत नाही. बडतर्फीच्या काळात वेतन नाही, म्हणून वाटा नाही. वाटा नाही, म्हणून त्यावरची वाढही नाही. दहा वर्षांनी केवळ मूळ रक्कम भरली, तरी चक्रवाढीची दहा वर्षे गेलीच. १ एप्रिल २०२५पासून आलेल्या केंद्राच्या एकीकृत निवृत्तिवेतन योजनेत २५ वर्षांच्या अर्हताकारी सेवेला शेवटच्या बारा महिन्यांच्या सरासरी मूळ वेतनाच्या निम्म्याची हमी आहे. हमी स्वागतार्ह, पण २५ वर्षे मोजताना मधला खड्डा कोण भरणार, हा प्रश्न तेथेही दारात उभा आहे. २०२१-२२च्या संपात बडतर्फ झालेले आणि एप्रिल २०२२मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर परतलेले एसटीचे कर्मचारी तर भविष्य निर्वाह निधीच्या योजनेत मोडतात. तेथेही सारे गणित भरलेल्या वर्गणीवर.

काय केले पाहिजे

उपाय अवघड नाहीत. पहिला, पुनःस्थापनेच्या आदेशातच वेतन, ज्येष्ठता, वेतनवाढ, रजा आणि निवृत्तिवेतन यांचा स्वतंत्र उल्लेख बंधनकारक करावा. त्याविना आदेश अपूर्ण समजावा. दुसरा, मौनाचा अर्थ उलटवावा. गुणवत्तेवर निर्दोष ठरलेल्याच्या बाबतीत ठरावीक मुदतीत विरुद्ध आदेश निघाला नाही, तर मधला काळ आपोआप अर्हताकारी सेवा मानला जावा. तिसरा, नव्या योजनेतील खात्यात शासनाने आपला वाटा त्या काळातील वाढीच्या भरपाईसह जमा करावा आणि कर्मचाऱ्याचा वाटा थकबाकीतून वळता करावा. चौथा, निवृत्त झालेल्यांची आणि दिवंगतांच्या वारसांची प्रकरणे सर्वांत आधी निकाली काढावीत. त्यांच्यापाशी वेळ नाही. पाचवा, ज्या अधिकाऱ्याचा बडतर्फीचा आदेश द्वेषमूलक ठरेल, त्याच्याकडून भरपाईचा काही भाग वसूल करावा. खिशाला झळ लागल्याखेरीज लेखणी जपून चालत नाही.

सरकार कोणत्या पक्षाचे आहे, हा येथे प्रश्नच नाही. १९७४ची दंडेली निंद्य असेल, तर आजचे मौनही निंद्य आहे. आपल्या विचाराचे सरकार आले म्हणून मागणीची धार बोथट करणे, हा कार्यकर्त्याचा धर्म नव्हे. संघटनांनी आपापल्या विभागातील अशी प्रकरणे गोळा करावीत, सेवापुस्तकांच्या नकला मिळवाव्यात आणि ज्यांचे कोणी नाही अशा विधवांच्या अर्जांना आपला खांदा द्यावा. सुशिक्षित कुटुंबांनीही घरातल्या निवृत्ताला एकदा विचारावे, की सेवेची सगळी वर्षे मोजली गेली का?

राष्ट्र म्हणजे केवळ सीमा आणि ध्वज नव्हे. रात्रीच्या अंधारात गाडी चालवणारा चालक, वर्गात उभा राहणारा शिक्षक, टपालाची पिशवी वाहणारा सेवक यांच्या श्रमांच्या वर्षांनी ते उभे राहते. त्या वर्षांतील एकही वर्ष चोरण्याचा अधिकार शासनाला नाही. आणि चोरलेले परत करताना उपकाराचा आव आणण्याचा तर मुळीच नाही.